निकालानंतर माळ्यावर सापडलेला वाटणीचा कागद: न्यायालय तो आता पाहील का?

माळवद

नमस्कार. आमच्या घरचा एक प्रश्न सविस्तर मांडतो आहे. प्रकरण अजून संपलेले नसल्यामुळे गावाचे, न्यायालयाचे आणि माणसांचे नाव घेत नाही. बाकी जे घडले ते जसेच्या तसे लिहितो.

माझ्या वडिलांविरुद्ध त्यांच्या चुलतभावांनी सहा वर्षांपूर्वी तालुक्याच्या न्यायालयात वाटपाचा दावा लावला. गावातली जमीन आणि जुना वाडा हे एकत्र कुटुंबाचे असून त्यांचे वाटप कधीच झालेले नाही, म्हणून निम्मा हिस्सा सरसनिरस मानाने वाटून मिळावा, अशी त्यांची मागणी होती. आम्ही कैफियतीत, म्हणजे दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात, पहिल्यापासून सांगितले होते की आजोबा आणि त्यांचे धाकटे भाऊ यांच्यात वाटणी फार पूर्वीच झाली, विहिरीकडची जमीन आजोबांकडे आली, ओढ्यापलीकडची धाकट्या भावाकडे गेली, आणि तेव्हापासून दोन्ही घरांची वहिवाट वेगळी आहे. सात-बाऱ्यावर मात्र नावे एकत्रच राहिली, आणि लेखी असे आमच्याकडे काहीच नव्हते. वडिलांचा जन्म १९५१ चा. उलटतपासात त्यांना विचारले गेले की वाटणीच्या वेळी तुम्ही हजर होता का, आणि त्यांना खरे तेच सांगावे लागले की नाही, वडिलांच्या तोंडून ऐकले आहे. पूर्वीची वाटणी सिद्ध होत नाही असा निष्कर्ष निघाला आणि निम्म्या हिश्श्याचा प्राथमिक हुकूमनामा झाला. वडील इतके खचले की अपील करायचे नाही, असे त्यांनीच ठरवले.

निकालानंतर ७१ व्या दिवशी वाड्याच्या माळ्यावरचे पत्रे बदलायला काढले, तेव्हा तुळई आणि भिंत यांच्या खाचेत एक गंजलेले पत्र्याचे नळकांडे सापडले. त्यात चार कागद होते. दोन सारा भरल्याच्या पावत्या आहेत, एक घरगुती पत्र आहे आणि चौथा मोडीत लिहिलेला, खाली सह्या आणि अंगठे असलेला मोठा कागद आहे. गावातल्या एका निवृत्त शिक्षकांना मोडी थोडी वाचता येते. त्यांनी ‘शके १८६०’ आणि ‘वाटणी’ हे शब्द वाचून दाखवले. शके १८६० म्हणजे १९३८-३९.

ज्या कागदाअभावी आम्ही हरलो तो बहुधा हाच. आता त्याचा उपयोग होईल का? नव्याने सापडलेल्या पुराव्यावर खटला पुन्हा चालवता येतो, असे ऐकले आहे. ते खरे असेल तर कोणत्या मार्गाने आणि किती दिवसांत?

उंबरठा

मी जिल्हा न्यायालयात १९ वर्षे दिवाणी वकिली करते आहे. कायद्याचे सांगण्याआधी एक विनंती करते: तो कागद लॅमिनेट करू नका, त्याला चिकटपट्टी लावू नका, घडीवर तुटत असेल तर इस्त्री फिरवू नका आणि त्यावर पेन्सिलीनेही काही लिहू नका. चांगल्या उजेडात दोन्ही बाजूंची छायाचित्रे घ्या, नळकांड्याचे आणि ते ज्या खाचेत सापडले त्या खाचेचेही छायाचित्र घ्या, आणि पत्रे काढताना कोण कोण हजर होते ते आजच लिहून ठेवा. हे का महत्त्वाचे आहे ते पुढे येईलच.

आता मार्गांकडे वळते. आपल्याकडे दिवाणी दाव्यात दोन दारे आहेत आणि लोक त्यांची गल्लत करतात. पहिले दार पुनर्विलोकनाचे आहे, म्हणजे ज्या न्यायालयाने निकाल दिला त्याच न्यायालयाला तो पुन्हा तपासण्याची विनंती करणे. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ चे कलम ११४ आणि आदेश ४७ नियम १ हे त्याचे मूळ. तिथे तीन कारणे सांगितली आहेत: नवी आणि महत्त्वाची बाब किंवा पुरावा सापडणे, अभिलेखावरून उघड दिसणारी चूक, आणि तशाच स्वरूपाचे अन्य पुरेसे कारण. ‘अन्य पुरेसे कारण’ या शब्दांत काहीही बसवता येत नाही, ते पहिल्या दोन कारणांच्या जातीचेच असावे लागते, हे ब्रिटिश काळातले सर्वोच्च अपील न्यायालय असलेल्या प्रिव्ही कौन्सिलने छज्जू राम विरुद्ध नेकी या १९२२ च्या प्रकरणात सांगितले आणि आजही तोच नियम आहे. दुसरे दार अपिलाचे. अपिलात सहसा नवा पुरावा घेत नाहीत, पण आदेश ४१ नियम २७ मध्ये अपवाद आहेत, आणि १९७६ च्या दुरुस्तीने त्यात तुमच्यासारख्यांसाठी एक स्पष्ट पोटनियम घातला गेला.

दोन्ही दारांवर एकच प्रश्न विचारला जातो, आणि तो कागदात काय लिहिले आहे हा नसतो. योग्य ती तत्परता दाखवूनही हा पुरावा निकालाच्या वेळी तुमच्या माहितीत नव्हता किंवा तुम्हाला हजर करता आला नाही, हे आधी दाखवा, असे कायदा म्हणतो. कागद कितीही खरा असला तरी ही पायरी चढल्याशिवाय तो न्यायाधीशांच्या टेबलावर उघडला जात नाही. पश्चिम बंगाल राज्य विरुद्ध कमल सेनगुप्ता या २००८ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने दोन्ही अंगे एकत्र मांडली आहेत: पुरावा असा हवा की तो आधी आला असता तर निकाल बदलण्याची शक्यता होती, आणि तत्परतेनंतरही तो आधी आणणे शक्य नव्हते. शिवाय आदेश ४७ नियम ४ म्हणतो की नवा पुरावा सापडल्याचे म्हणणे काटेकोरपणे सिद्ध झाल्याखेरीज असा अर्ज मंजूर करता येणार नाही. म्हणूनच मी खाचेचे छायाचित्र मागितले.

मुदत दोन्हीकडे निकालाच्या तारखेपासून ३० दिवस आहे: पुनर्विलोकनाला मुदत अधिनियम, १९६३ चा अनुच्छेद १२४ आणि जिल्हा न्यायालयातल्या अपिलाला अनुच्छेद ११६. नक्कल मिळायला लागलेले दिवस वजा होतात. तरीही तुमची मुदत गेलेलीच आहे, त्यामुळे कलम ५ खाली विलंब माफीचा अर्ज करावाच लागेल. ७१ व्या दिवशी कागद सापडला हे विलंबाचे कारण म्हणून चांगले आहे. मात्र सापडल्यानंतर घालवलेल्या प्रत्येक दिवसाचा हिशेब द्यावा लागेल.

माझे मत अपिलाकडे झुकते. पुनर्विलोकनाचा अर्ज नामंजूर झाला तर त्या नामंजुरीविरुद्ध अपील नाही, आणि एकदा निकाल लागला की पुन्हा पुनर्विलोकनही नाही. दरम्यान अपिलाची मुदत आपोआप थांबलेली नसते. अपिलात मात्र नव्या कागदाबरोबर जुन्या पुराव्याचे चुकलेले मूल्यमापनही मांडता येते. पुनर्विलोकन हे वेष बदलून केलेले अपील नव्हे, असे सर्वोच्च न्यायालय वारंवार सांगत आले आहे, आणि तुमचा वाद अशा अरुंद जागेत मावण्यासारखा नाही.

सांजवात

अजून अंतिम हुकूमनामा, म्हणजे प्रत्यक्ष वाटपाचा हुकूम, व्हायचा असेल तर त्या वेळी हा कागद दाखवता येणार नाही का? म्हणजे अपिलाचा खर्चच वाचेल.

उंबरठा

सांजवात, हा सल्ला पुष्कळ ठिकाणी दिला जातो आणि त्याने नुकसान होते, म्हणून स्पष्ट सांगते. कोणाचा हिस्सा किती, हे प्राथमिक हुकूमनाम्याने ठरते. त्याविरुद्ध अपील केले नाही तर पुढे अंतिम हुकूमनाम्याच्या अपिलात त्याच्या बरोबरपणावर वाद घालता येत नाही. संहितेचे कलम ९७ तेच सांगते. शेतजमिनीचे प्रत्यक्ष वाटप तर कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते, आणि तिथून मोजणीदार शेतात येईपर्यंत तुमचा कागद कोणी पाहणार नाही. अपिलाबरोबर आदेश ४१ नियम ५ खाली स्थगितीचा अर्जही लगेच करायला हवा.

दप्तरबंद

मी मोडी कागद वाचतो आणि बाळबोधीत, म्हणजे देवनागरीत, उतरवून देतो. न्यायालयीन कामासाठीही काही वर्षे हे काम केले आहे. माळवद यांना तीन गोष्टी सांगाव्याशा वाटतात.

पहिली अशी की ‘वाटणी’ हा शब्द दिसला म्हणून तो वाटणीपत्रच असेल असे धरून चालू नका. त्या काळच्या कागदांत वाटणीपत्र, फारखत (हक्क सोडल्याचा किंवा वेगळे झाल्याचा लेख), वाटणीची याद आणि पंचांचा निवाडा हे चार वेगळे प्रकार येतात, आणि न्यायालयात त्यांचे भवितव्यही वेगळे असते. क्रियापद नीट पाहा. ‘वाटून घेत आहोत’ असे असेल तर तो कागदच वाटणी करतो आहे. ‘वाटून घेतले आहे, त्याची ही याद’ असे असेल तर झालेल्या गोष्टीची ती टिपण आहे. वाटणी करणारा कागद नोंदणीकृत नसेल तर नोंदणी अधिनियम, १९०८ ची कलमे १७ आणि ४९ आडवी येतात, आणि मुद्रांकाचा प्रश्नही उभा राहतो. आधीच झालेल्या वाटणीची याद असेल तर नोंदणीची गरज नसते. काळे विरुद्ध उपसंचालक, एकत्रीकरण या १९७६ च्या निकालात कौटुंबिक व्यवस्थेबाबत हाच भेद केलेला आहे. मोडीत ‘घेतो’ आणि ‘घेतले’ यांतला फरक एखाद्या वळणावर ठरतो, तेव्हा घाईने वाचणाऱ्यावर विसंबू नका.

दुसरी गोष्ट म्हणजे लिप्यंतर आणि भाषांतर वेगळे आहेत. मोडीतली भाषा मराठीच असते, त्यामुळे ओळीला ओळ जोडून बाळबोध लिप्यंतर करून घ्या. अक्षर लागले नाही तिथे वाचकाने तसे नमूद करावे, अंदाजाने भरू नये. लिप्यंतर करणाऱ्याला पुढे साक्षीला उभे राहावे लागू शकते, म्हणून तशी तयारी असलेला आणि पात्रतेचे प्रमाणपत्र असलेला माणूस शोधा.

तिसरी गोष्ट वयाची. ३० वर्षांहून जुना कागद योग्य ताब्यातून आलेला असेल तर त्यावरच्या सह्या आणि हस्ताक्षर खरे मानण्याची मुभा न्यायालयाला आहे. जुन्या पुरावा अधिनियमात हे कलम ९० होते, भारतीय साक्ष अधिनियम, २०२३ मध्ये ते कलम ९२ आहे. पण हे गृहीतक सहीपुरते आहे. मजकूर खरा आहे हे त्यातून आपोआप निघत नाही, आणि ‘योग्य ताबा’ या दोन शब्दांवरच विरुद्ध बाजू पहिला हल्ला करते. ज्या घरात आजोबा राहत होते त्याच घराच्या माळ्यावर कागद सापडणे हे तुमच्या बाजूचे आहे.

गावनमुना

महसूल खात्यात मंडळ अधिकारी म्हणून निवृत्त झालो. एकट्या कागदावर अवलंबून राहू नका, असे सांगतो. १९३८ नंतरच्या दोनतीन वर्षांतले फेरफार रजिस्टर तहसील कार्यालयाच्या अभिलेख कक्षात मागा. वाटणीची वर्दी दिलेली असेल तर तिथे नोंद असेल, निदान नामंजूर झाल्याचा शेरा तरी असेल. कागदातली जमीन जुन्या सर्व्हे नंबरांत असेल आणि तुमचा दावा गट नंबरांवर चालला असेल. मधल्या काळात एकत्रीकरण, म्हणजे जमिनीचे तुकडे जोडून गट करणे, झाले असेल तर भूमी अभिलेख कार्यालयातून एकत्रीकरणाचा उतारा घेऊन जुना नंबर आणि नवा गट यांची सांगड घालावीच लागेल. ती घातली नाही तर कागद खरा ठरला तरी कोणत्या जमिनीचा, हे सांगता येणार नाही.

काही जण म्हणतील की महसुली बाजूनेही पुनर्विलोकन आहे. आहे, महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम २५८ मध्ये नवा पुरावा सापडणे हे कारण दिलेले आहे आणि पक्षकाराला ९० दिवसांची मुदत आहे. पण ते महसूल अधिकाऱ्याच्या आदेशापुरते आहे. दिवाणी हुकूमनामा तहसीलदार बदलू शकत नाहीत, त्यामुळे तिकडे हेलपाटे घालू नका.

आणि एक कटू प्रश्न विचारतो, कारण समोरचे वकील तो विचारणारच आहेत. फेरफार रजिस्टर सरकारी दप्तरात होते, तर दावा चालू असताना ते का मागितले नाही?

पैलतीर

मी या वादाच्या दुसऱ्या काठावर उभी राहिले आहे, म्हणून लिहिते. माझ्या आईने वारसाहक्काचा दावा १७ वर्षे लढवला. निकाल तिच्या बाजूने लागल्यानंतर विरुद्ध पक्षाने ‘नव्याने सापडलेले’ मृत्युपत्र आणले. ते त्याच गावच्या दुय्यम निबंधक कार्यालयात नोंदवलेले होते. तिथल्या नोंदलेल्या दस्तांच्या यादीचा, म्हणजे सूची क्रमांक २ चा, शोध घेतला असता तर एका दिवसात सापडले असते, हे न्यायालयाने नमूद केले आणि अर्ज फेटाळला. पण तो फेटाळला जाईपर्यंत चार वर्षे गेली, आणि तेवढा काळ आई हातात निकाल असूनही भाड्याच्या खोलीत राहिली.

माळवद यांचा कागद खोटा आहे असे मी म्हणत नाही. तत्परतेची अट ही कोरडी तांत्रिक अडचण नाही, एवढेच मला सांगायचे आहे. ती अट नसती तर प्रत्येक हरलेल्या घराच्या माळ्यावर निकालानंतर कागद सापडला असता. जिंकलेल्या माणसालाही कधीतरी आपल्या घरात निश्चिंतपणे झोपता आले पाहिजे.

माळवद

पैलतीर, तुम्ही लिहिलेले दोनदा वाचले, आणि रात्री वडिलांनाही वाचून दाखवले. त्यांनी मान हलवली.

गावनमुना यांच्या प्रश्नाचे उत्तर देतो. दावा चालू असताना आम्ही सात-बारा आणि १९६० नंतरचे फेरफार काढले होते. त्याआधीचे मागावेत, हे आम्हाला कोणी सुचवले नाही आणि आमच्याही लक्षात आले नाही. गेल्या आठवड्यात अर्ज केला. त्या वर्षांचे रजिस्टर जीर्ण झाले असून पाने सुटी व अपुरी असल्यामुळे नक्कल देता येत नाही, असे लेखी उत्तर मिळाले आहे. वाईट वाटले.

गावनमुना

वाईट वाटून घेऊ नका आणि ते उत्तर जपून ठेवा. तेव्हा मागितले असते तरी मिळाले नसते, हे त्यावरून दाखवता येईल.

ओहायोकर

मी अमेरिकेत एका कायदेविषयक संस्थेत अभिलेख तपासण्याचे काम करतो. ‘नव्याने सापडलेल्या पुराव्यावर नवा खटला’ हे शब्द आपल्याकडे बऱ्याचदा इथल्या बातम्यांतून पोहोचतात, म्हणून इथली रीत थोडक्यात सांगतो. फेडरल फौजदारी प्रक्रियेच्या नियम ३३ प्रमाणे दोषी ठरलेला माणूस नवा पुरावा सापडल्याच्या कारणावरून निकालानंतर ३ वर्षांपर्यंत नव्या खटल्याची मागणी करू शकतो. इतर कारणांसाठी फक्त १४ दिवस मिळतात. दिवाणी बाजूला याच कारणासाठी नियम ६० खाली एक वर्षाची कमाल मर्यादा आहे. भारतात ३० दिवस आहेत, पण विलंब माफीचे दार उघडे असते. इथे मुदत लांब आहे, मात्र दिवाणीतले ते एक वर्ष न्यायालयालाही वाढवता येत नाही.

कसोट्या ओळखीच्या वाटतील. जॉर्जियाच्या सर्वोच्च न्यायालयाने १८५१ मध्ये बेरी खटल्यात त्या सांगितल्या आणि पुढे बऱ्याच राज्यांनी त्यांचे अनुकरण केले: पुरावा खटल्यानंतर कळलेला असावा, तत्परतेच्या अभावामुळे उशीर झालेला नसावा, निकाल बदलण्याइतका तो भारी असावा, आधीच्याच पुराव्याची पुनरावृत्ती नसावा, ज्या साक्षीदाराच्या भरवशावर मागणी केली त्याचे शपथपत्र जोडलेले असावे, आणि केवळ एखाद्या साक्षीदाराची विश्वासार्हता मोडण्यापुरता तो नसावा. चौथ्या अटीकडे माळवद यांनी लक्ष द्यावे असे वाटते. ‘वाटणी झाली होती’ एवढे सांगणारी आणखी एक तोंडी साक्ष आणली असती तर ती पुनरावृत्ती ठरली असती. त्या काळातला सह्यांचा कागद ही वेगळ्या जातीची गोष्ट आहे.

मुदत किती निष्ठुर होऊ शकते, याचेही उदाहरण इथलेच आहे. टेक्सासमध्ये अशा अर्जाला ३० दिवसच होते. हत्येसाठी मृत्युदंड झालेल्या लिओनेल हेरेरा यांचे प्रकरण १९९३ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात गेले, तेव्हा दुसऱ्याच माणसाने हत्या केल्याची शपथपत्रे त्यांच्याकडे होती. न्यायालयाने ती अपुरी मानली, नव्या पुराव्यावर आधारलेला निर्दोषत्वाचा दावा एवढ्यानेच फेडरल न्यायालयात दिलासा मिळत नाही असे सांगितले, आणि दयेच्या अर्जाकडे बोट दाखवले. त्याच वर्षी मे महिन्यात त्यांना मृत्युदंड दिला गेला.

शिरस्ता

फौजदारीचा विषय निघालाच आहे तर आपल्याकडची स्थितीही नोंदवतो, कारण हा धागा पुढे कोणी वेगळ्या अडचणीत वाचेल. आपल्याकडे फौजदारी न्यायालयाने निकालावर सही केली की लेखनाची किंवा आकड्याची चूक सोडून त्याला तो बदलता येत नाही. फौजदारी प्रक्रिया संहितेत हे कलम ३६२ होते, भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, २०२३ मध्ये कलम ४०३ आहे. नवा पुरावा पुढे आणण्याची जागा म्हणजे अपील: पूर्वीचे कलम ३९१, आताचे ४३२. अपील न्यायालय स्वतः पुरावा घेऊ शकते किंवा खालच्या न्यायालयाला घ्यायला सांगू शकते. सर्वोच्च न्यायालयाच्या नियमांप्रमाणे तर फौजदारी निकालाच्या पुनर्विलोकनाला उघड दिसणारी चूक एवढेच कारण चालते. नव्या पुराव्याचे कारण दिवाणी प्रकरणांपुरते ठेवलेले आहे. ज्या बाजूला माणसाचा जीव पणाला लागतो त्याच बाजूला दार अधिक अरुंद असावे, हे मला पटत नाही.

या अरुंद दारातूनही वाट निघाल्याची उदाहरणे महाराष्ट्राशी जोडलेली आहेत. बडोद्याच्या बेस्ट बेकरी प्रकरणात, म्हणजे २००२ च्या दंगलीतल्या हत्याकांडात, गुजरात उच्च न्यायालयाने अतिरिक्त पुरावा नाकारला होता. सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २००४ मध्ये दोषमुक्तीचा निकाल रद्द केला आणि खटला महाराष्ट्रात नव्याने चालवण्याचा आदेश दिला. मुंबईत तो चालला आणि फेब्रुवारी २००६ मध्ये १७ पैकी ९ आरोपी दोषी ठरले. पुढे २०१२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने त्यांतल्या पाच जणांना सोडले.

दुसरे प्रकरण अंकुश मारुती शिंदे विरुद्ध महाराष्ट्र राज्य. नाशिकजवळच्या २००३ च्या गुन्ह्यात सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये तिघांची फाशी कायम केली आणि उरलेल्या तिघांची जन्मठेप वाढवून त्यांनाही फाशी दिली. मार्च २०१९ मध्ये त्याच न्यायालयाने त्या सहाही जणांना निर्दोष सोडले. प्रत्यक्षदर्शी महिलेने घटनेनंतर लगेच पोलिसांकडच्या छायाचित्रांतून वेगळीच चार माणसे ओळखली होती आणि त्या दिशेने तपासच झाला नव्हता. तिथे पुरावा नवा नव्हता, तो तपासाच्या कागदांतच पडून होता. सोळा वर्षे गेली.

तिसरे नारायण चेतनराम चौधरी यांचे. पुण्यातल्या १९९४ च्या हत्याकांडात त्यांना फाशी झाली होती. राजस्थानातल्या शाळेच्या नोंदीवरून गुन्ह्याच्या वेळी ते १२ वर्षे ६ महिन्यांचे होते असे दिसले आणि मार्च २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना सोडले. अल्पवयीन असल्याचा दावा अंतिम निकालानंतरही कोणत्याही टप्प्यावर मांडता येतो, असे बाल न्याय अधिनियमाचे कलम ९ सांगते. शाळेतल्या एका नोंदीसाठी कायद्याने मुदतीची भिंत काढून ठेवली होती, म्हणून ती २८ वर्षांनीही वाचली गेली.

माळवद

मोडीचे लिप्यंतर आज हाती आले. दप्तरबंद यांनी सांगितल्याप्रमाणे प्रमाणित वाचकांकडूनच करून घेतले. मुख्य वाक्य असे आहे की उभयतां बंधूंनी गेल्या साली पंचांसमक्ष जमिनी व घर वाटून घेतले आहे, त्याची ही याद लिहून ठेविली. चतुःसीमा दिल्या आहेत. विहीर आमच्याकडे आणि ओढ्यापलीकडचे दोन नंबर त्यांच्याकडे. चार पंचांची नावे आहेत. एका ओळीतली तीन अक्षरे लागली नाहीत, तिथे वाचकांनी तसे नमूद केले आहे.

शेवटची ओळ वाचून मी बराच वेळ गप्प बसलो. ‘याद दोन प्रती केली, एकेक एकापाशी ठेविली.’ म्हणजे दुसरी प्रत त्यांच्या घरी असणार. त्यांनी ती मुद्दाम दडवली असेल तर हा निकालच फसवणुकीने मिळवलेला नाही का?

उंबरठा

तुमचा संताप मी समजू शकते, पण इथे पाऊल जपून टाका. महत्त्वाचा कागद दडवून मिळवलेला हुकूमनामा शून्यवत असतो, असे सर्वोच्च न्यायालयाने एस. पी. चेंगलवराय नायडू विरुद्ध जगन्नाथ या निकालात नक्की म्हटले आहे. तिथे वादीने स्वतःच लिहून दिलेले हक्कसोडपत्र न्यायालयापासून लपवले होते. स्वतः सही केलेला कागद त्याला माहीत नव्हता असे म्हणायला जागाच नव्हती. तुमच्या प्रकरणात सही त्यांच्या वडिलांची आहे. १९३८ ची प्रत त्या घरात आज आहे का, कोणी पाहिली आहे का, हे तुम्हाला माहीत नाही. फसवणुकीचा आरोप तपशिलासह मांडावा लागतो, आणि तपशील नसताना तो केला तर तुमच्या खऱ्या कागदाचेही वजन कमी होते. दुसरी प्रत हजर करण्याची त्यांना नोटीस द्या, एवढे पुरेसे आहे.

‘वाटून घेतले आहे’ हे शब्द मात्र तुमच्यासाठी फार मोलाचे आहेत. कैफियतीत पूर्वीच्या वाटणीचा बचाव घेतलेला होता, हेही मोलाचे, कारण आदेश ४१ नियम २७ चा उपयोग नवा बचाव उभा करण्यासाठी होत नाही.

पैलतीर

नोटिशीच्या आधी एकदा चुलत्यांकडे जाऊन कागद दाखवता येईल का, तेवढे पाहा. त्यांनाही कदाचित हे ठाऊक नसेल. अपील चालू असतानाही मध्यस्थी मागता येते आणि लोकन्यायालयात तडजोड होऊ शकते. मूळ कागद मात्र नेऊ नका, छायाप्रत न्या.

माळवद

गेलो होतो. त्यांनी प्रत घेतली, चहा दिला, आणि वकिलांना विचारून सांगतो म्हणाले. अजून उत्तर नाही.

आता एक अडचण आली आहे आणि ती इथे मांडल्याशिवाय राहवत नाही. प्रतिज्ञापत्राचा मसुदा करताना वडील अचानक म्हणाले की हे नळकांडे त्यांनी लहानपणी पाहिले होते. आजोबा ते वर ठेवत आणि मुलांना हात लावू देत नसत. त्यात पत्रिका असाव्यात अशी त्यांची समजूत होती. नंतर साठ वर्षांत त्यांना त्याची आठवणही झाली नाही. माझा भाऊ म्हणतो की हे लिहू नये. लिहिले तर ‘माहितीत नव्हते’ हा आधारच जाईल. मला दोन्हीकडून भीती वाटते.

शिरस्ता

भावाची भीती खोटी नाही. ‘नळकांडे माहीत होते, मग उघडून का पाहिले नाही’ हा प्रश्न उलटतपासात येणारच.

उंबरठा

तो प्रश्न येऊ द्या. नळकांडे माहीत असणे आणि त्यातला कागद माहीत असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि त्यांतला फरक वडिलांनी आपल्या तोंडाने सांगितला तरच तो टिकेल. कायदा अशक्य शोधाची अपेक्षा करत नाही. त्या परिस्थितीतला समंजस माणूस जेवढे शोधील तेवढे शोधले का, हे तो पाहतो. दावा लागल्यावर तुम्ही कपाटे, पेट्या, देवघर पाहिले का? पाहिले असेल तर तारखा आणि जागा लिहा. माळा पाहिला नसेल तर पाहिला नाही असे लिहा आणि का नाही तेही लिहा. हा प्रसंग गाळला आणि उद्या घरातल्याच कोणाच्या तोंडून तो बाहेर आला, तर मुदत, तत्परता, योग्य ताबा हे सगळे एकदम कोसळेल, आणि शपथेवर अर्धवट सांगितल्याचा ठपका वेगळाच. मी तुमची वकील असते तर हे वाक्य प्रतिज्ञापत्राच्या दुसऱ्या परिच्छेदात घातले असते.

माळवद

ते वाक्य दुसऱ्या परिच्छेदातच आहे. वडिलांनी ते स्वतः सांगितले आणि मी लिहून घेतले. पेट्या आणि देवघर २०१९ च्या दिवाळीनंतर पाहिले होते. माळ्याची शिडी मोडली होती आणि वर काही नाही अशीच सर्वांची समजूत होती, हेही लिहिले आहे.

अपील, विलंब माफी, स्थगिती आणि अतिरिक्त पुरावा असे चार अर्ज काल दाखल झाले. विलंबाच्या अर्जावर नोटीस निघाली आहे. पुराव्याच्या अर्जाचा विचार अपिलाच्या अंतिम सुनावणीबरोबरच होईल, तशी रीत सर्वोच्च न्यायालयाने भारत संघ विरुद्ध इब्राहिम उद्दीन या २०१२ च्या निकालात घालून दिली आहे, असे आमच्या वकिलांनी सांगितले. याद मंजूर झाली तरी ती वाचून लगेच निकाल होणार नाही. ती सिद्ध करावी लागेल आणि चुलत्यांना उत्तरादाखल पुरावा देण्याची संधी मिळेल. तेही योग्यच आहे.

मूळ कागद दोन कोऱ्या कागदांच्या मध्ये, सपाट, पुठ्ठ्याच्या पाकिटात ठेवला आहे. नळकांडेही ठेवले आहे. पहिली तारीख पुढच्या महिन्याच्या १४ ला आहे. काय झाले ते इथेच कळवीन.